लाल आकड्यांची राई

"झाडं मोजायला शिक्षण कशाला लागतं?" हा प्रश्न मला आधी आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी विचारला. मग शेजारच्या काकूंनी, मग आमच्याकडे येऊन कांदेपोहे खाऊन गेलेल्या दोन-तीन मुलांकडच्यांनी, आणि अगदी परवा, माझे सगळे केस पांढरे झाल्यावर, सरकारी कचेरीतल्या एका पोरसवदा साहेबानंही विचारला. साहेबाला मी म्हणाले, "लागत नाही. तोडायलाही लागत नाही, म्हणून तर ते काम भरभर होतं." त्याला राग आला आणि मला बरं वाटलं. आबांना मात्र तेव्हा मी काहीच उत्तर दिलं नव्हतं. भाकरीचा तुकडा हातात तसाच धरून ते माझ्या तोंडाकडे बघत होते, आणि त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं.

भोसरीत आमच्या भाड्याच्या दोन खोल्या होत्या आणि भिंतीपलीकडे एक वर्कशॉप होतं. सकाळी आठला तिथला पॉवर प्रेस सुरू झाला की आमच्या फळीवरच्या डब्यांची झाकणं वाजायला लागत. आईनं प्रत्येक दोन डब्यांमध्ये जुन्या लुगड्याच्या चिंध्या कोंबून ठेवल्या होत्या, तरी पाण्याच्या कळशीत दिवसभर बारीक तरंग उठायचे. मी अभ्यास त्या ठोक्यांच्या तालावरच केला. गुरुवारी एमआयडीसीला सुट्टी. त्या दिवशी एवढं शांत व्हायचं की आई उगाचच भांडी आपटायची. आई-आबा मराठवाड्यातनं आलेले. आबा एका कारखान्यात टर्नर होते आणि पुढे तिथंच तयार माल तपासायच्या टेबलावर बसायला लागले. आईच्या हातची येसराची आमटी, ज्वारीची भाकरी आणि वर कच्चा कांदा फोडून, हे आमचं जेवण. येसर, म्हणजे भाजलेल्या धान्य-मसाल्यांचं पीठ, गावाकडून यायचं. ते संपत आलं की आईचा जीव कासावीस व्हायचा, कारण इथलं पीठ तिला कधी पटलंच नाही.

मोठ्या भावाला इंजिनिअरिंग कॉलेजात घातलं होतं. मी वनस्पतीशास्त्र घेतलं तेव्हा घरात कुणी फारसं लक्ष दिलं नाही, पुढे शाळेत शिकवील एवढाच हिशोब होता. पण एम.एस्सी.ला मी जंगलाचा अभ्यास घेतला आणि बोलणी सुरू झाली. मुलीनं डोंगरात एकटीनं फिरायचं? आणि करायचं काय, तर एका राईतली झाडं मोजायची? मोजणं हे त्यातलं सर्वांत सोपं काम होतं. कोणत्या म्हाताऱ्या झाडाखाली त्याची किती रोपं तग धरतात, कुणाचं फळ कोण खातं, पडलेल्या लाकडाचं पुढं काय होतं, असं सगळं बघायचं होतं. हे मी कुणाला समजावून सांगत बसले नाही. मी चिडकी होते, अजूनही आहे. "जाणार म्हणजे जाणार," एवढंच म्हणाले. आई तव्यावरची भाकरी उलटत म्हणाली, "जाऊ द्या की हो तिला. तुमीबी घर सोडूनच आलाव ना?" आबा हसले आणि तो विषय मिटला.

राई, म्हणजे देवीच्या नावानं राखलेलं रान, चाकणच्या पलीकडे, पश्चिमेच्या डोंगराकडं तोंड केलेल्या एका गावात होती. भोसरीहून बसनं चाकण, तिथून माणसं कोंबून नेणारी वडापची जीप, मग तासभर चालणं. आता त्याच वाटेवर कंटेनरच्या रांगेत माझे दोन तास जातात आणि चालण्याएवढे गुडघेही राहिलेले नाहीत. तेव्हा मात्र कारखान्यांचे पत्रे संपले की एकदम ती हिरवी टेकडी दिसायची: बेहडा, ऐन, जांभूळ, वावळ, उंबर, आणि या सगळ्यांवरनं माणसाच्या मांडीएवढा जाड वेल या टोकापासून त्या टोकापर्यंत गेलेला. मध्ये वाघजाईचं बिनछपराचं ठाणं. देवीपुढं दिवा लावायचं काम कौसाबाईच्या घराकडं पिढ्यान्‌पिढ्या होतं. ती साठीची, सडसडीत, आवाज असा की वेलावरची माकडं गप्प व्हावीत.

पहिल्या दिवशी तिनं मला बांधावरच थांबवलं. "पायताण काढ. आन् हितं कशाला आलीस त्ये देवीला सांग, मला नगं." तिनं देवीला दोन फुलं लावली आणि आम्ही दोघी खाली बसून कुठलं पडतंय ते बघत राहिलो. बऱ्याच वेळानं उजवीकडचं पडलं. "दिला उजवा," ती म्हणाली, जराशी नाराजच झाली असावी. मग तिनं राईचा एकच नियम सांगितला: राईतली काडी राईबाहेर जात नाही. वर्षातून एकदा भंडारा होतो तेव्हा पडलेल्या लाकडावर तिथंच शिजवायचं, तिथंच जेवायचं, राखही तिथंच ठेवायची. दात कोरायला घेतलेली काडीसुद्धा उठताना टाकून यायची. कॉलेजातल्या माझ्या मार्गदर्शक मॅडमना माझ्याकडून प्रत्येक झाडाची पानं दाबून, वाळवून हवी होती. मी त्यांना सांगितलं, पान मिळणार नाही, चित्र मिळेल. एकेका झाडाखाली बसून मी पानं काढत राहिले. त्या वर्षीच्या भंडाऱ्याला कौसाबाईनं मला पंगतीत बसवलं. गव्हाची गुळातली खीर होती, तिला धुराचा वास होता, आणि मी तीनदा मागून घेतली.

आता चुकीकडं येते. वर्षभरानं तेच झाड पुन्हा सापडायला हवं, म्हणून अभ्यासात प्रत्येक झाडाला नंबर देतात. मला रंग हवा होता. आबांनी कारखान्यातून अर्धा डबा लाल रंग आणून दिला. माल तपासताना पास झालेल्या जॉबला, म्हणजे तयार भागाला, हिरवा ठिपका लावायचा, दुरुस्तीला जायचा त्याला पिवळा आणि टाकून द्यायचा त्याला लाल. "लाल काही संपत नाही आमच्याकडं," आबा म्हणाले, "साहेबाला वाटतंय सगळाच माल टाकायचा, सारखे नवीन डबे मागवतेत." आम्ही दोघं हसलो. त्या हसण्याची मला आजही लाज वाटते. राईत शिरताना डाव्या हाताला जो बेहडा होता, त्याला मी एक नंबर दिला, पुढच्या जांभळीला दोन, आणि असं करत महिनाभरात दोनशेच्या वर झाडांच्या छातीवर लालभडक आकडे घातले. माझा इंग्रजी सात मधे आडवी रेघ असलेला, आबांसारखा. काम झाल्यावर लांबून बघितलं आणि स्वतःच्याच अक्षरावर खूश झाले.

सगळ्या पट्ट्यात त्या काळी रस्ते रुंद होत होते. रस्त्याकडेच्या वडांवर, चिंचांवर लाल नंबर पडायचे आणि आठवड्यात तिथं बुंधेसुद्धा राहायचे नाहीत. रोज बसच्या खिडकीतून मी हे बघत होते. इथल्या शेंबड्या पोरालाही लाल नंबराचा अर्थ कळत होता. झाडांचं शिक्षण घेणाऱ्या मला तेवढा कळला नाही.

एका बुधवारी, परीक्षेमुळे दोन आठवडे खंड पडल्यावर, मी राईत गेले. बांधाशीच चपला काढल्या आणि पाय ओल्या भुश्यात रुतले. बेहडा नव्हता. दोन नंबरची जांभळी नव्हती. एकापासून अकरापर्यंत सगळी झाडं ओळीनं, अगदी शिस्तीत कापून नेलेली. बारा नंबरच्या उंबराला पाठ लावून कौसाबाई बसली होती. तिथंच दोन दिवस बसून होती, म्हणून कापणारे माघारी गेले होते. गावात देवस्थानची एक समिती होती. तिला देवीपुढं सिमेंटचा सभामंडप आणि मोटारी वरपर्यंत येतील असा रस्ता हवा होता. समितीचे अध्यक्ष अण्णा. जमिनी विकून त्यांनी कंपन्यांना बस पुरवायचा धंदा काढला होता आणि गावात त्यांच्या शब्दाबाहेर कुणी नव्हतं. त्यांनी कापणाऱ्यांना नुसतं 'रस्त्यात येतील ती' असं सांगितलं होतं. त्या माणसांनी राईत येऊन लाल नंबर बघितले, मंजुरी झालेली आहे असं धरलं आणि एक नंबरापासून सुरुवात केली.

"त्यांनी न्हाई कापली," कौसाबाई माझ्याकडं न बघता म्हणाली. "तू कापलीस. देवीचा कौल घिऊन कापलीस."

मी वाद घातला नाही. एरवी आयुष्यभर मी सगळ्यांशी वाद घातला आहे. तिच्या शेजारी बसायची हिंमत नव्हती, म्हणून मी लांब एका थोटकावर बसणार होते. तेवढ्यात लक्षात आलं की ते एक नंबरचं आहे आणि मी उभीच राहिले.

घरी आले तेव्हा आबा पहिल्या पाळीहून येऊन चहा घेत होते. मी दप्तर फेकलं आणि म्हणाले, "तुमचा लाल रंग!" मग सगळं भडाभडा सांगितलं. माझीच चूक मी त्यांच्या डोक्यावर आपटत होते. पलीकडं प्रेस चालूच होता. आई म्हणाली, "आता दुसरं काय तर शीक गं माय," आणि मी तिच्यावरही ओरडले. आबांनी बशी खाली ठेवली आणि विचारलं, "एकापासून अकरा. ओळीनं?"

"ओळीनं."

"आन् नंबर लाकडावर हाईत अजून?"

"असतील. खोडावरच तर होते."

"मग माल गेला कुठं?" ते म्हणाले. मला वाटलं, यांना आता कारखानाच आठवतोय. पण ते शांतपणे म्हणाले, "सुमे, नंबर पडलेला जॉब हरवत नसतो. शोधायचा असतो. उद्या गुरुवार हाय."

गुरुवारी सकाळी मोपेडवर आम्ही निघालो. मागे मी, मांडीवर वही, पिशवीत आबांची पोलादी टेप आणि आईनं बांधून दिलेल्या भाकरी. आदल्या रात्री मी जेवले नव्हते म्हणून तिनं दोन जास्त घातल्या होत्या. हायवेच्या कडेला लाकडाच्या वखारी होत्या. पहिल्या दोन ठिकाणी निलगिरी आणि बाभळच होती. तिसऱ्या वखारीत ढिगाच्या तळाशी मला आडवी रेघ मारलेला सात दिसला. कालपासून मी रडले नव्हते, ते तिथं रडू आलं. आबांनी मला रडू दिलं आणि टेप सोडली. ते घेर मोजून आकडा ओरडायचे आणि मी वहीत बघून हो म्हणायची. चार नंबर, ऐन. नऊ, वावळ. एक नंबर तीन तुकड्यांत होता, तरी बुंध्याचा तुकडा माझ्या वहीशी बोटभर फरकानं जुळला. बेहड्याच्या सालीत फेब्रुवारीत मी बघितलेली मुंगळ्यांची वाट होती. तिच्यात अजून मुंगळे होते आणि ते कुठं जावं ते कळत नसल्यासारखे फिरत होते.

वखारवाला आला. म्हणाला, माल खाजगी जमिनीतला आहे, कागद आहेत. मी कागद मागितला. कागदावर 'किरकोळ सरपण' असं लिहिलेलं होतं. मी वही उघडून त्याच्यापुढं धरली आणि वाचायला लागले: अमुक नंबर, अमुक झाड, घेर, उंची, फुलं कधी, फळं कधी, ढोलीत कोण. तो म्हणाला, "ताई, घरी जा. बापाला बरोबर घेऊन काय आलीस!" मग आबांकडं वळून, "लग्नाचं बघा हिच्या." मी एक नंबरच्या तुकड्यावर जाऊन बसले. आदल्या दिवशी ज्या थोटकावर मला बसवलं नव्हतं, त्याच झाडावर आता बसले. "हे करवतीवर चढवायचं असेल तर माझ्यासकट चढवा," म्हणाले. आबा माझ्याशेजारी येऊन बसले, त्यांनी फडकं सोडलं आणि वखारवाल्याला विचारलं, "भाकर खाता का मालक? येसर हाय संग." त्या माणसानं ऑफिसात जाऊन अण्णांना फोन लावला.

अण्णा दुपारी जीपनं आले. पांढरा शर्ट, सोन्याची साखळी, आणि बोलणं मात्र लोण्यासारखं. "पोरी, हितं तमाशा नगं. परवा ग्रामसभा हाय. तिथं ये, गावाला सांग काय त्ये. तवर ह्यो माल हालत न्हाई, माझा शबुद." शब्द द्यायला त्यांना काही वाटलं नाही, कारण भोसरीच्या भाड्याच्या खोलीतल्या पोरीचं गाव ऐकेल असं त्यांच्या स्वप्नातही नव्हतं. निघताना आबांनी एक नंबरच्या तुकड्यापाशी पडलेला मूठभर ओला भुसा रुमालात बांधून घेतला.

मॅडमना मी कॉलेजात जाऊन सांगितलं. त्या वाईट नव्हत्या. म्हणाल्या, "तुझी जागा बिघडली आता. दुसरी राई घे, आणि नंबरांचं वगैरे प्रबंधात लिहू नकोस, तुझंच नुकसान होईल." मी म्हणाले, जागाही तीच राहील आणि लिहिणारही आहे. त्यांनी चष्मा काढून पुसला. पुढं प्रबंधाच्या दुसऱ्या प्रकरणात मी एक वाक्य घातलं: ही अकरा झाडे मी घातलेल्या क्रमांकांमुळे तोडली गेली. परीक्षकांनी त्याखाली रेघ मारून 'अशास्त्रीय' असं लिहिलं. ती प्रत माझ्याकडं आहे. माझ्या सगळ्या लिखाणात त्या वाक्याएवढं शास्त्रीय मी दुसरं काही लिहिलेलं नाही.

ग्रामसभा मारुतीच्या देवळापुढं भरली होती. पुरुष सतरंजीवर, बायका कडेला भिंतीला टेकून. अण्णांनी आधीच सांगून टाकलं, "झाडं वाळल्याली व्हती. पडली असती कुणाच्या डोस्क्यात. देवीचंच काम हाय." मी उभी राहिले. आवाज चढा लागला आणि मी तो उतरू दिला नाही. "आधी माझी चूक सांगते," म्हणाले. "लाल नंबर मी घातले. इथं लाल नंबर म्हणजे काय ते मला कळायला हवं होतं. कौसाबाई म्हणते मी कापली, ते खरं आहे." सभेत कुजबुज झाली. मग मी अकराच्या अकरा झाडं वाचून दाखवली. कुठल्याला या वर्षी फुलं होती, कुठल्याखाली किती रोपं होती, कुठल्याच्या ढोलीत धनेशाची मादी अंड्यांवर बसली होती. वाळलेलं झाड फुलतं का, असं मी अण्णांना विचारलं. कुणीतरी म्हणालं, बास झालं बाई. मी बास केलं नाही.

मग आबा उठले. परक्या गावात, परक्या बोलीत, हातात रुमाल. "मी काई शिकल्याला माणूस नाई," ते म्हणाले. "कारखान्यात तीस वरीस झाली, माल तपासतो. वाळल्या लाकडाचा भुसा असा ओला ऱ्हात नसतो." त्यांनी भुश्याची मूठ पुढच्या म्हाताऱ्याच्या हातावर ठेवली. त्यानं दाबली, वास घेतला आणि शेजाऱ्याला दिली. तो भुसा हातोहात शेवटपर्यंत गेला.

भिंतीकडून कौसाबाईचा आवाज आला. "म्या कुणाला काय इचारीत न्हाई. येकच सांगते. राईतली काडी भाईर जात न्हाई. व्हय का न्हाई, अण्णा? तुझ्या बापानं दात कोरायची काडी माघारी टाकली व्हती, म्या बगितलंय. आन् तू अकरा झाडं वखारीला धाडलीस. आमाला मंडप नगं. आमचं लाकूड आमाला आणून दे."

एक बाई "व्हय" म्हणाली, मग सगळी भिंत म्हणाली. अण्णा पंचायतीला, कचेरीला, माझ्या वहीला घाबरले नसते. बापाच्या काडीला मात्र घाबरले. त्यांनी घाम पुसला. "आणतो," म्हणाले. "पर हिनं त्ये नंबर पुसायचं. पुन्यांदा घोटाळा नगं."

"नंबर पुसणार नाही," मी म्हणाले. "नंबर होते म्हणून लाकूड सापडलं."

पुन्हा गलका झाला. कुणी म्हणे पूस, कुणी म्हणे राहू दे. आबांनी हात वर केला. "रंग बदलू की," ते म्हणाले. "हिरवा लावू. आमच्यात हिरवा म्हंजे पास. ह्याला हात लावायचा नाई."

पुढच्या आठवड्यात अण्णांच्याच ट्रकमधून अकरा झाडांचे तुकडे राईत परत आले आणि ज्याच्या त्याच्या थोटकापाशी ठेवले गेले. नंबर होते, त्यामुळं चूक होण्याचा प्रश्नच नव्हता. कौसाबाईनं प्रत्येकावर हळदीकुंकू वाहिलं. माझ्याशी ती त्या दिवशीही बोलली नाही. पुढचे तीन गुरुवार आबा माझ्याबरोबर आले. पाळीतले कपडे, अनवाणी पाय, एका हातात हिरव्या रंगाचा डबा. बारा नंबरपासून त्यांनी सुरुवात केली. एकेका आकड्यावरून ते हिरवा ब्रश असा फिरवायचे की लालाचा टिपूससुद्धा दिसायचा नाही. सातावर आले की आडवी रेघ जरा जास्तच दाबून मारायचे. तिसऱ्या गुरुवारी कौसाबाई खिरीची वाटी घेऊन आली. आधी आबांना दिली, मग माझ्यापुढं धरली. "खा," म्हणाली. "वाळून काटकी झालीस."

आबा गेले, आई गेली, कौसाबाई गेली. तिची सून आता दिवा लावते. बेहड्याच्या तुकड्यांची आता माती झाली आहे. त्या कुजणाऱ्या लाकडांवर मी पुढं सगळं आयुष्य काम केलं. कुठली अळंबी आधी येतात, कुठले किडे नंतर, कुठलं बी त्यात रुजतं, ते मी लिहीत राहिले. हिरवा रंग दर काही वर्षांनी मीच पुन्हा भरते. साल वाढते तसे आकडे रुंद होत जातात, पण आबांचे सात अजून ओळखू येतात. परवाचा तो पोरसवदा साहेब नवीन रस्त्याच्या कामाचा होता. राईच्या बांधाला खुंट्या ठोकल्यात, त्यांची टोकं लाल रंगवलेली आहेत, म्हणून मी त्याच्या कचेरीत गेले होते. "मावशी, रस्ता काही तुमच्यासाठी थांबणार नाही," तो म्हणाला. मी त्याला राईचा नियम सांगितला आणि वही दाखवली. त्यानं वहीला हातही लावला नाही.

येत्या गुरुवारी मी राईत जाणार आहे. जीप बांधापर्यंत जाते, पुढचं काठी टेकत जाईन. हिरव्या रंगाचा डबा भरून ठेवला आहे. बारा नंबरच्या उंबराला पाठ लावून बसायला जागा चांगली आहे, आणि मला दुसरीकडं कुठं जायचं नाही.